आधी खुंटी, की आधी आरोळी

"आलं, आलं, आलं! पंप बंद कर!"

हा आवाज माझा. पुलाच्या नव्वद फूट लांबीच्या गर्डरच्या, म्हणजे तुळईच्या, टोकाशी उकिडवा बसून मी असा ओरडलो, की काठावरच्या उसातून मोर उठले, आमच्या मुकादमाच्या हातातली चहाची किटली सुटली आणि उंब्रजच्या स्टँडवर उभी असलेली एसटी ड्रायव्हर आत नसताना चार हात पुढं सरकली. ही एसटी मी दर वर्षी थोडी थोडी पुढं सरकवत आलोय. सध्या ती कराडच्या अलीकडं आहे. ऐकणारे हसतात, मीही हसतो, आणि मग चहा येतो.

पण त्यातनं मोर, किटली आणि एसटी काढून टाकली तर खाली एक गोष्ट उरते, ती मी कधी कुणाला सांगितली नव्हती. मी 'आलं' म्हणून ओरडलो, तेव्हा आलं काहीच नव्हतं.

काय यायचं होतं ते आधी सांगतो, म्हणजे तुम्हाला माझ्या अपराधाचं माप कळेल.

पस्तीसेक वर्षं झाली असतील. कृष्णेवर आमच्या गावाजवळ पूल चालला होता. अलीकडं आमचं गाव आणि ऊस. पलीकडं हायस्कूल, बाजार आणि कराडला जाणारी डांबरी. तोवर पलीकडं जायचं म्हणजे नाव, नाहीतर लांबचा वळसा. मी आणि माझा जोडीदार एकाच आळीतले, एकाच इयत्तेत एकाच विषयात नापास झालेले. तो पुलावर लागला म्हणून मी लागलो. तो कामाला हुशार होता, मी बोलायला. साइटवर दोन्हीची गरज असते असं मी तेव्हा समजत होतो.

त्याचे वडील गाडीच्या चाकांना धाव चढवायचे. लहानपणी आम्ही तो सोहळा बघायला पळायचो. लोखंडी कडं गोवऱ्यांच्या आरात लाल करायचं, चार जणांनी सांडशीनं धरून लाकडी चाकावर बसवायचं आणि वरून घागरीच्या घागरी पाणी. चर्र करून वाफ उठायची, कडं आखडायचं आणि चाकाची सैल, खुळखुळणारी लाकडं एकमेकांत अशी रुतून बसायची की चाक घंटेसारखं वाजायचं. खिळा नाही, डिंक नाही. नुसत्या आवळण्यावर ते चाक वीस-पंचवीस वर्षं ऊस ओढायचं.

पुलावर पहिल्या आठवड्यात आमच्या साहेबानं आम्हा आठ-दहा जणांना गोळा करून हे प्रीस्ट्रेस्ड काँक्रीट काय असतं ते समजावून सांगितलं. काँक्रीटला दाबलं तर ते हत्ती पेलतं, ताणलं तर बिस्किटासारखं तुटतं. गर्डरवरून ट्रक गेला की गर्डर पोटाकडून ताणला जातो. तेव्हा ट्रक यायच्या आधीच त्याला आपण दाबून ठेवायचं. त्यासाठी गर्डर ओततानाच पोटातून पत्र्याच्या नळ्या सोडायच्या, त्यातून पोलादी तारांच्या जुड्या घालायच्या, काँक्रीट पक्कं झालं की दोन्ही टोकांना जॅक लावून त्या तारा मरणाच्या ओढायच्या आणि ओढलेल्या असतानाच शंकू ठोकून अडकवून टाकायच्या. तारा मागं जायला बघतात, काँक्रीट जाऊ देत नाही, आणि त्या रस्सीखेचीत गर्डर आवळला जातो. साहेबानं दहा विटा ओळीनं मांडल्या, दोन्ही बाजूंनी तळव्यांनी दाबून उचलल्या. मधली एकही पडली नाही. (गावात सांगताना मी त्या विटा चाळीसवर नेल्या आणि वर साहेबाच्या मुलीला बसवली.)

आम्ही सगळे मख्ख. माझा जोडीदार म्हणाला, "म्हंजे धाव चढवायची की, सायेब. चाकाला भाईरनं चढवत्यात, हितं आतनं."

साहेबानं हातातल्या विटा खाली ठेवल्या. मग त्यानं जोडीदाराला जॅकवर आणि पंपावर घेतलं आणि मला त्याच्यासोबत टाकलं, कारण माझा आवाज लांब जायचा.

साहेब चांगला होता. दुपारी भाकरी खाताना सांगायचा, की आधी परदेशात लोकांनी साधंच लोखंड ओढून बघितलं आणि फसले. काँक्रीट वाळताना आखडतं, नंतरही वजनाखाली वर्षानुवर्षं केसाकेसानं दबत राहतं. साध्या लोखंडाला थोडकाच ताण देता येतो, तो सगळा तेवढ्यातच जिरून जायचा, आणि गर्डर पुन्हा होता तसा. मग कडक पोलादाच्या तारा आल्या. त्यांना इतकं ओढता येतं की काँक्रीटनं आपला वाटा खाल्ला तरी मागं भरपूर उरतो. वाटा देऊन उरला पाहिजे, हे साहेबाचं बोलणं मी पुढं आयुष्यभर वापरलं. लग्नाच्या बैठकीत वापरलं, भावकीच्या भांडणात वापरलं. स्वतःसाठी मात्र वापरायला विसरलो.

आता ग्राउट. तारा ओढून झाल्या, तरी नळीत त्यांच्या भोवती पोकळी असते. त्या पोकळीत हवा आणि पाणी राहिलं तर तार गंजते, आणि ताणलेली तार गंजली की साध्या सळईसारखी शांतपणे झिजत नाही, एक दिवस तुटते. म्हणून ती नळी सिमेंटच्या पातळ रबडीनं, म्हणजे ग्राउटनं, या टोकापासून त्या टोकापर्यंत भरून काढायची. एका टोकाला पंपावर जोडीदार, दुसऱ्या टोकाला भोकापाशी मी. आधी धुतल्याचं पाणी येतं. मग ताकासारखं पांढरट येतं. ते वाहू द्यायचं. मग पिठल्यासारखं दाट येतं, बोटावर धरलं तर ओघळत नाही. मग भोकात लाकडी खुंटी ठोकायची आणि ओरडायचं: आलं. खुंटी बसली की आत दाब वाढतो, पंपावरचा काटा चढतो, जोडीदार मिनिटभर तो दाब धरतो आणि बंद करतो. झाली एक केबल, म्हणजे तारांची एक जुडी, भरून.

कधी मधेच नळी तुंबते. तेव्हाही काटा चढतो, पण टोकाला काही आलेलं नसतं. मग ताबडतोब उलट्या बाजूनं पाणी मारून सगळं धुऊन काढायचं आणि पहिल्यापासून भरायचं. दोन तास जातात.

म्हणजे काटा चढणं हे चांगलंही असतं आणि वाईटही. पंपावरच्या माणसाला काट्यावरून ते कळत नाही. त्याला टोकावरच्या माणसाच्या तोंडाकडं बघावं लागतं. तिथं तोंड माझं होतं.

आणि मला शिस्त नव्हती. कधी मी आधी खुंटी ठोकायचो आणि मग ओरडायचो, कधी आधी ओरडून मग ठोकायचो. जोडीदारानं दोनदा सांगितलं होतं, रोज एकच पद्धत धर. मी म्हणालो, आवाज माझा हाय, कवाबी काढीन.

त्या दिवशी गावची जत्रा होती. आमच्या गावच्या पालखीला चार दांड्या नसतात, एकच लांब दांडी असते आणि तिच्या पुढच्या डाव्या अंगाला खांदा द्यायचा मान आमच्या भावकीचा. तो मान कसा मिळाला याच्या मी सात कथा सांगतो, सातही खोट्या. खरं एवढंच, की त्या जागेवर आमच्यातला माणूस नसला तर खालच्या आळीची भावकी खांदा द्यायला टपलेली असायची, आणि एकदा दिलेला खांदा परत मिळत नसतो. त्या वर्षी वडिलांचा गुडघा गेला होता. चुलता फौजेत, त्याला रजा नाही. घरात उभा राहणारा खांदा एकटा माझा. वडिलांनी सकाळी फक्त एवढं सांगितलं होतं, की दिवस मावळायच्या आत ये.

साइटवरून गावाकडं जाणारा कारखान्याचा ट्रॅक्टर पाचला निघणार होता. शेवटची केबल राहिली होती. तिसरा गर्डर, तळातली केबल.

मी भोकापाशी बसलो. पाणी आलं. पाणी बारीक झालं. एक पांढरट थेंब आला, ओठावर थांबल्यासारखा थांबला आणि मग काहीच नाही. तिकडं पंपाचं इंजिन धडधडतंय, इकडं भोक कोरडं. मला कळलं. नवख्यालाही कळलं असतं. तुंबलं होतं. दोन तास.

ट्रॅक्टरवाल्यानं हॉर्न दिला.

मी ओरडलो. मग खुंटी ठोकली.

जोडीदारानं पंप बंद केला. साहेबानं रजिस्टरात केबल पूर्ण भरली असं लिहून सही केली. मी पळत जाऊन ट्रॉलीत चढलो, जोडीदाराला हात देऊन वर ओढला. तो वाटेत माझ्या हातांकडं बघत होता. मी तेव्हा समजलो, दमलाय.

पालखीला खांदा दिला. वडील काठी टेकत देवळाच्या पायरीवर उभे होते. पालखी पुढं आली तशी त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला. ते माझ्याशी फार बोलणारे गृहस्थ नव्हते. हात ठेवला एवढंच. मी सगळ्या जत्रेला सांगत फिरलो की पालखी त्या दिवशी फुलासारखी हलकी लागली. हे मात्र खरं होतं, आणि तेच मला पुढं पुढं सोसेना.

तिसऱ्या दिवशी साइटवर भाकरी खाताना जोडीदारानं विचारलं, "खुंटी आधी ठोकलीस, का आधी वरडलास?"

त्याचं म्हणणं असं होतं, की माझा आवाज यायच्या आधी काटा चढला होता. मी आधी खुंटी ठोकली असेल, तर काटा चढणारच, काम बरोबर आहे. मी आधी ओरडलो असेन, तर काटा खुंटीनं चढलेला नाही, तुंबल्यानं चढलाय.

तेव्हाही वेळ होती. दोन-तीन दिवसांत ग्राउट दगड झालेलं असतं, पण साहेबाला सांगितलं असतं, त्यानं माझ्या टोकाकडून काहीतरी वाट काढली असती. मी हसलो. म्हणालो, आठवत न्हाई गड्या, पण आलं हुतं असं, की माझ्या दोन्ही चपला भरल्या, अजून सुटंनात. त्यानं माझ्या चपलांकडं बघितलं. त्या स्वच्छ होत्या. त्यानं भाकरीचा तुकडा मोडला आणि पुन्हा कधी ते विचारलं नाही. साहेबालाही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर माझं काम गेलं असतं. आणि नुसत्या संशयावर जोडीदार कुणाला कामावरून घालवणारा नव्हता.

पूल झाला. नारळ फुटला, पहिली एसटी गेली. त्या एसटीत आमचं सगळं गाव होतं, टपावर दोन बोकडं होती. जोडीदार खाली वाळूत उभा राहून वर बघत होता.

तेव्हापासून तो पुलावरून गाडीनं कधी गेला नाही. एसटीनं निघाला की पुलाच्या अलीकडं उतरायचा, पूल चालत ओलांडायचा आणि पलीकडं दुसरी गाडी धरायचा. लोकांना वाटलं नवस आहे. ते तसं वाटायला मीच जबाबदार. चहाच्या टपरीवर मी सांगून ठेवलं होतं, की पाया खोदताना नदीनं त्याच्या स्वप्नात येऊन सांगितलंय, माझ्यावरून पायी जा, तुला मुलगा होईल. मुलगी झाली, तर मी म्हणालो, नदीच ती, थोडं इकडं तिकडं व्हायचंच. तोही हसला त्यावर. दर उन्हाळ्यात पाणी आटलं की तो एकटा पुलाखाली जायचा. एकदा मी त्याच्या मागं गेलो. तिसऱ्या गर्डरच्या पोटाला त्यानं खडूनं रेघा मारल्या होत्या, बारीक भेगेच्या दोन्ही टोकांना. मागच्या वर्षीची रेघ, या वर्षीची रेघ. मला बघून खडू खिशात घातला आणि म्हणाला, पाखरांची घरटी मोजतोय. माझ्यासारखं खोटं त्याला यायचं नाही.

मग त्याच्या मुलीची हायस्कूलची वेळ आली. हायस्कूल पलीकडं. त्यांच्या दारातून शाळेचा झेंडा दिसायचा. आता पूल झालेला, सकाळ-दुपार एसटी, गावातल्या सगळ्या मुली जायच्या. त्यानं ती सांगलीला तिच्या मावशीकडं ठेवली. सांगलीची गाडी अलीकडूनच जायची, पुलावर न चढता.

त्याच्या बायकोनं, म्हणजे वहिनींनी, भांडून बघितलं, दोन दिवस जेवल्या नाहीत, माहेरी निघून गेल्या आणि परत आल्या. एकुलती एक मुलगी, दहा-अकरा वर्षांची, रात्री आईच्या पदराचं टोक धरून झोपणारी. त्यानं कारण दिलं, सांगलीची शाळा चांगली आहे. एवढंच कारण त्यानं पुढं कायम दिलं. गावात बोलायचे, बापाचं काळीज दगडाचं आहे. मी ते ऐकायचो. मुलीची ट्रंक स्टँडवर पोचवायला मीच गेलो होतो. ती खिडकीतून रडत होती, तर मी तिला हसवायला सांगितलं की सांगलीत हळदीचे एवढे डोंगर आहेत की तिथली मांजरं पिवळी असतात. ती हसली नाही. तिनं बापाकडं बघितलं, आणि त्यानं गाडीच्या चाकाकडं बघितलं.

मला कारण माहीत होतं का? मी स्वतःला सांगत होतो की माहीत नाही. स्वतःला सांगितलेली थाप सगळ्यात चांगली बसते, तिला कुणी उलट विचारत नाही.

ती दिवाळीला यायची, मे महिन्यात यायची. मग नुसती दिवाळीला. सांगलीतच शिकली, सांगलीतच एका चांगल्या घरात दिली. लग्नात वहिनी पाहुण्यासारख्या बसल्या होत्या. मुलीला काय आवडतं हे मावशी त्यांना सांगत होती.

मी पुढं बरेच पूल केले. बारा तारांची जुडी गेली, पिळाच्या दोरखंडासारख्या स्ट्रँड आल्या. पत्र्याच्या नळीच्या जागी प्लास्टिकची आली. हातानं दाबायचा जॅक गेला, आता कळ दाबली की पडद्यावर आकडा येतो. ग्राउट भरताना दुसऱ्या टोकानं हवा ओढून घेणारं मशीन आलं, म्हणजे टोकावरच्या माणसाच्या तोंडावर विसंबायची गरजच राहिली नाही. ते मशीन पहिल्यांदा बघितलं तेव्हा बाकीचे त्याची किंमत विचारत होते आणि मी बाजूला जाऊन बसलो होतो. जत्रेच्या त्या दिवसानंतर मी एकही केबल खोटी भरली नाही. मुकादम झाल्यावर पोरांना शिव्या घालून सांगायचो, हात ग्राउटनं माखल्याशिवाय तोंड उघडायचं नाही. पण हे सगळं दुसऱ्यांच्या पुलांवर. आमचा पूल तसाच उभा होता. मोठा पूर आला, पाणी कठड्यावरून गेलं, तरी हलला नाही. मी गावभर छाती काढून फिरलो. तो मात्र पाणी उतरल्यावर खडू घेऊन खाली गेला.

आता शेजारी नवा, रुंद पूल झालाय आणि आमचा पाडायला घेतला. नुसता पाडत नाहीत. ताणलेल्या तारा आत असतात, घण घातला तर काय उडेल सांगता येत नाही. म्हणून वरचं ओझं आधी उतरवतात, एकेक गर्डर क्रेननं उचलून काठावर ठेवतात आणि हिऱ्याच्या खड्यांच्या तारेनं कापतात, जशी मुळ्याची चकती.

जोडीदार दोन वर्षं दम्यानं खाटेवर आहे. उशा रचून टेकून बसतो, झोपता येत नाही. त्यानं मला बोलावून घेतलं. म्हणाला, "तिसरा गर्डर, तळातली केबल. जाऊन बघून ये. आन् येवढं सांगताना वाढवू नगंस."

मी गेलो. तिथं एक तरुण मुलगी इंजिनिअर होती, कराडच्या कॉलेजातून नुकती बाहेर पडलेली. मी जुना कामगार म्हटल्यावर तिनं मला काका केलं, डोक्यावर हेल्मेट घातलं आणि कापलेले तुकडे दाखवायला घेऊन गेली. तिसऱ्या गर्डरचे सहा तुकडे ओळीनं पडले होते. खडूनं नंबर टाकलेले.

पंपाकडचं टोक पहिलं. कापलेल्या तोंडावर केबलींची वर्तुळं दिसत होती. तळातलं वर्तुळ गच्च भरलेलं, राखाडी, आणि त्यात बारा तारांचे बारा ठिपके चांदीसारखे. दुसरा तुकडा तसाच. तिसऱ्यात वर्तुळाच्या वरच्या अंगाला फट. चौथ्यात काही नाही. नुसतं भोक. आत तारा लोंबत होत्या, तपकिरी, काही तुटून एकमेकींवर पडलेल्या, हाताला लावलं की पापुद्रे निघत होते. पाचवा, सहावा तसेच. माझ्या टोकाला ती लाकडी खुंटी कुजून काळी झाली होती, पण जागेवर होती. मी ठोकलेली खुंटी पक्की बसायची.

मुलगी म्हणाली, बाकीच्या केबली भरल्या होत्या, त्यांनी निभावून नेलं. आणखी काही वर्षांनी काय झालं असतं सांगता येत नाही. मग म्हणाली, पंपवाल्यानं अर्ध्यात सोडून दिलेलं दिसतंय.

मी म्हणालो, पंपवाला माझ्या ओळखीचा होता, त्यानं सोडलं नसणार. तिनं खांदे उडवले. तिला पुढचा गर्डर बघायचा होता.

मी पहिल्या तुकड्यातून ग्राउटचा एक खडा काढून घेतला. त्यात तारेचा बोटभर तुकडा होता, चकचकीत. रुमालात गुंडाळला. तुम्ही लक्षात घ्या, तो खडा त्याच केबलीचा होता. मी खोटं बोलणारच नव्हतो. वाढवणारही नव्हतो. फक्त तीन तुकडे सांगणार होतो आणि तीन सांगणार नव्हतो.

घरी वहिनी खाटेशेजारी बसून भुईमुगाच्या शेंगा फोडत होत्या. मी नेहमीसारखा मोठ्यानं आत गेलो. सांगायला लागलो, की ती करवत चालायची थांबली, हिरे झिजले, आतलं ग्राउट इतकं कडक, इंजिनिअर बाई म्हणाली असं काम आता होत नाही. वहिनी हसल्या. मी खडा त्याच्या हातात ठेवला.

त्यानं तो उलटासुलटा केला. अंगठ्यानं तारेचं टोक चाचपलं. श्वास घ्यायला थांबत थांबत त्यानं विचारलं, "कुठल्या टोकाचा?"

"तुझ्या."

"आन् तुझ्या?"

तो माझ्या तोंडाकडं बघत होता, तसाच, जसा पंपावरून बघायचा.

"रिकामं हाय," मी म्हणालो. "अर्ध्यापासनं रिकामं. तारा गंजून तुटल्यात. तवाबी काय आलं न्हवतं. आधी वरडलो, मग खुंटी ठोकली. पालखीसाठनं."

त्यानं मान हलवली. दुसऱ्या कुणाबद्दल ऐकावं तशी. "म्हंजे काटा बरोबर हुता," तो म्हणाला आणि खडा खाटेच्या कडेला ठेवून डोळे मिटले.

वहिनींनी विचारलं, कसला काटा. त्यानं डोळे न उघडता त्यांना सांगितलं. चार वाक्यांत सांगितलं, मधे दोनदा दम लागला. मला ती गोष्ट सांगायची असती तर सबंध दुपार लागली असती. वहिनींचे हात शेंगांवर थांबले होते. त्या दाराकडं बघत होत्या, जिथून पूर्वी शाळेचा झेंडा दिसायचा आणि आता नव्या पुलाचा कठडा दिसतो. त्यांनी एकदा त्याच्याकडं बघितलं, आणि ते बघणं मला बघायचं नव्हतं. मग खाली बघून पुन्हा शेंग उचलली.

मी म्हणालो, वहिनी, लेकीला बोलवून घ्या. आजच फोन लावा. हे तिला मी सांगणार, तिच्यापुढं उभा राहून, तिच्या बापाच्या देखत.

"आता यायची न्हाई ती," वहिनी म्हणाल्या. "पोरांच्या परीक्षा हायत."